मालवणचा बंदरपट्टा: गाईडला आधी तिथी विचारा

आधी निकाल सांगते, मग कहाणी. मालवणच्या बंदरपट्ट्यावर पैसे मोजून कुणाच्या मागे चालायची काही गरज नाही. सिंधुदुर्ग किल्ल्यात गाईड घ्या, गावात नको. आणि घेतलाच, तर पैसे देण्याआधी त्याला एकच प्रश्न विचारा: आज तिथी कोणती? त्याने खिशातून फोन काढला, तर तुम्ही पाकीट खिशातच ठेवा.

आम्ही चौघं होतो. मी, नवरा, ताई आणि भाऊजी. कोल्हापूरहून राधानगरी, फोंडा घाट, कणकवली असे गेलो. घाटाबद्दल काही लिहीत नाही, गाडी चालवणाऱ्याला कळतो तो. रेल्वेने येणार असाल तर कुडाळला उतरा, तिथून मालवण तीसेक किलोमीटर आहे आणि एसटी मिळते.

निघायच्या आदल्या आठवड्यात नवऱ्याला मोबाईलवर एक जाहिरात दिसली. 'पुनरुज्जीवित ऐतिहासिक बंदरपट्टा, दोन तासांची सोपी पदयात्रा, सर्व वयोगटांसाठी, माणशी ६५० रुपये, सर्व काही समाविष्ट.' या ओळीत खरं काय होतं ते आता सांगू शकते. बंदर ऐतिहासिक आहे. बाकी एकेक शब्द तपासून घ्या.

सकाळी सातला दांडी किनाऱ्यावर जमायचं होतं. आम्ही जिथे उतरलो होतो त्या घरच्या काकी चहा देताना म्हणाल्या, "आज तेरस मां? नऊ-धाक पाणी भरतला. कातळार जाव नकात." म्हणजे नऊ-दहाला पाणी भरेल, कातळावर जाऊ नका. आम्ही मान हलवली. घरची मोठी माणसं सगळ्यांनाच सांगतात तसं काही असेल असं वाटलं. शिवाय आमच्याबरोबर गाईड होता ना! तोच तर शहाणपणा नडला.

गाईड विशी-बाविशीतला पोरगा, बोलका, गळ्यात ओळखपत्र, हातात छोटा स्पीकर. अकरा जणांचा गट. सुरुवातीलाच कळलं की 'सर्व काही'मध्ये होडी नाही, किल्ल्यावरचा कर नाही, नाश्ता नाही, पाण्याची बाटलीसुद्धा नाही. मग समाविष्ट आहे तरी काय, असं भाऊजींनी विचारलं. पोरगा हसून म्हणाला, "मी." विनोद चांगला होता, हे कबूल. पण तो विनोद चौघांचा मिळून २,६०० रुपयांचा झाला.

पहिला थांबा मोरयाचा धोंडा. हा मात्र चुकवू नका. कातळावर गणपती, सूर्य, चंद्र, शिवलिंग, नंदी, पादुका कोरलेल्या आहेत आणि समोर पाण्यात सिंधुदुर्ग. २५ नोव्हेंबर १६६४ ला शिवाजी महाराजांनी किल्ल्याच्या कामाचा मुहूर्त केला तो इथे. पोराने साल १६७४ सांगितलं. भाऊजी निवृत्त शिक्षक. ते हळूच म्हणाले, "अरे, तो राज्याभिषेक. तेव्हा किल्ला बांधून सात वर्षं झाली होती." पुढच्या थांब्यावर पोराने पुन्हा १६७४ च सांगितलं, स्पीकरवर.

सकाळी सातला तिथे तुम्ही आणि समुद्र एवढेच असता. स्पीकर नसला तर आणखी छान. रिक्षाने जा, दहा मिनिटं शांत बसा, काम झालं.

तिथून किनाऱ्याने बंदर जेटी. सुशोभीकरण म्हणजे काय ते आता आपल्याला सगळीकडे पाठ झालंय: पेव्हर ब्लॉक, कठडा, बाकडी, दिवे आणि फोटो काढायची जागा. वाईट नाही. म्हाताऱ्या माणसांना बसायला मिळतं, संध्याकाळी गावची पोरं येतात. पण 'पुनरुज्जीवित' म्हणण्याआधी बंदर मेलं होतं का, हे मासे उतरवणाऱ्या बायकांना विचारून घ्यावं. जेटीच्या कडेला टोपल्या लागल्या होत्या, बांगड्याचा भाव ओरडून चालला होता आणि एका काकूंनी आमच्या गटाला कोपरानेच बाजूला सारलं. सबंध फेरीतला सगळ्यात जिवंत भाग तो, आणि तिथे पोराने आम्हाला चार मिनिटं दिली. त्याने वीस मिनिटं घालवली मालवण हे नाव मिठावरून कसं पडलं यावर.

पुढे राजकोट, मालवणातलाच किनाऱ्यावरचा जुना किल्ला. ऑगस्ट २०२४ मध्ये इथला महाराजांचा ३५ फुटी पुतळा कोसळला, तो बसवून नऊ महिनेही झाले नव्हते. आता त्या जागी ६० फुटी नवा पुतळा उभा आहे. पोराने नव्याची उंची सांगितली, जुन्याचं नाव काढलं नाही. गटातल्या पुण्याच्या एका आजींनी विचारलं तेव्हा म्हणाला, "ते राजकारण आहे." आजी म्हणाल्या, "नाही रे बाबा, ते बांधकाम आहे."

आणि आता तो टप्पा. ज्याच्यासाठी हे सगळं लिहायला बसले तो.

राजकोटहून रॉक गार्डनकडे जायला मेढा या वस्तीतून सरळ वाट आहे. सावलीची, माडांच्या आवारांमधून, चपला न काढता जाता येणारी. पोरगा म्हणाला, "खरा मालवण खालून दिसतो," आणि आम्हाला कातळावर उतरवलं. वाजले होते सव्वानऊ.

वरच्या अंगाला कातळ कोरडा, खडबडीत, पाय छान धरणारा. पाण्याकडच्या अंगाला शेवाळाचा पातळ हिरवा थर, लांबून मखमल वाटावी असा. खळग्यांत साचलेलं पाणी, त्यात बोटभर मासे, पाय टाकला की फटीत शिरणारे खेकडे. पहिली दहा मिनिटं मला मजा आली, खोटं कशाला बोलू! एक गोष्ट तेव्हाच खटकायला हवी होती. कातळावर एकही बाई कालवं, म्हणजे कातळाला चिकटलेले शिंपले, काढताना दिसत नव्हती. गाव उठलेलं, ऊन कोवळं, आणि कातळ रिकामा. ज्यांचं पोट त्या कातळावर आहे त्या घरी बसल्यात आणि आम्ही पैसे देऊन चालतोय!

मग एक लाट आली, ती पुढून नाही, पाठीमागून. आम्ही ओलांडून आलेल्या घळीतून पाणी आत शिरलं, आणि ज्या दगडावर पाय ठेवून आलो होतो तो दगडच दिसेनासा झाला. मागे जाता येईना. पुढे पोरगा चाळीस पावलांवर, पाठ आमच्याकडे, फोन किल्ल्याकडे धरून चित्रण करत होता. हाका मारल्या. स्पीकर त्याच्याकडे, आमच्याकडे फक्त घसे.

भाऊजींचं वय ६२, गुडघ्याला पट्टा. नवऱ्याने त्यांना एका उंच खडकावर बसवलं. मी ताईला हात द्यायला वळले आणि हिरव्यावर पाय पडला. डावा हात टेकला तो नेमका कालवांवर. ज्यांनी कालवांची धार बघितली नाही त्यांना सांगते, ब्लेडच्या पानासारखी असते. तळहातावर सहा बारीक रेघा उठल्या. रक्त नंतर आलं, आधी नुसतं झोंबलं. तेवढ्यात उजव्या पायातला सॅंडल सुटला. तो दोन वेळा माझ्या अगदी जवळ आला. दोन्ही वेळा वाटलं, आता धरते. तिसऱ्यांदा लाट त्याला घेऊन गेली.

शेवटी वर एका गडग्याला, म्हणजे दगडी कुंपणाला, भगदाड होतं, त्यातून एकेकाला ढकलत, ओढत कुणाच्या तरी परसात निघालो. अकरा जणांना पाऊण तास लागला. तिथे एक आजोबा जाळं विणत बसले होते. आमच्याकडे बघून सुई थांबवली नि म्हणाले, "ह्या टायमार खालसून कित्याक इलास? वाट वरसून आसा मां." मग घरातून हळद आणि फडकं आलं, तांब्याभर पाणी आलं. पैशाचं नाव काढलं तर आजोबा परत जाळ्याकडे वळले.

त्यांनी एक गोष्ट दाखवली ती लक्षात ठेवा. कातळावर कालवं आणि शेवाळ जिथवर चढलेली दिसतात, तिथवर पाणी येतं. त्याच्या वर कोरडा, करडा दगड असतो, तो आपला. खालचा दगड समुद्राचा, आपण त्याच्यावर फक्त पाहुणे. नकाशा नको, ॲप नको, दगड बघा.

पोराचं म्हणणं, "रोज नेतो, असं कधी झालं नाही." रोज याच वेळेला नेतो, हेच तर सांगतेय मी. समुद्राची वेळ रोज पाऊण तासाने सरकते, याची सकाळी सातची जाहिरात मात्र सरकत नाही.

होडीचं थोडक्यात. जेटीवर 'रांग टाळा' म्हणून त्याने माणशी पैसे आधीच गोळा केले होते. किल्ल्यावरून परतल्यावर मी तिकीट खिडकीवरचा दर वाचला, तर आमच्याकडून जवळजवळ दुप्पट घेतलेले. विचारलं तर "सर्व्हिस" म्हणाला. ताई तिथेच पायरीवर बसली आणि म्हणाली, "मग आता ती सर्व्हिस इथे बसून बघू या." निम्मे परत मिळाले. तुम्ही तिकीट स्वतः काढा. रांग असते, सरकते. आणि पावसाळ्यात होड्या बंद असतात, साधारण मे अखेरपासून ऑगस्टअखेरपर्यंत, तेव्हा जून-जुलैचा बेत करून भांडू नका.

किल्ला अर्थातच बघायचा. २०२५ मध्ये जागतिक वारशाच्या यादीत मराठ्यांचे १२ किल्ले गेले, त्यांतला हा एक. दरवाजा अगदी जवळ जाईपर्यंत दिसत नाही, दोन बुरुजांच्या आड लपवलाय. राजाराम महाराजांनी बांधलेलं शिवराजेश्वराचं मंदिर आत आहे आणि भोवती खारं पाणी असताना गोड्या पाण्याच्या तीन विहिरी: दूधबाव, दहीबाव, साखरबाव. होडीवाले तासाभरात परत बोलावतात. तटावरून फिरायचं तर तास पुरत नाही, म्हणून चढतानाच 'नंतरच्या होडीने येऊ का' असं विचारून ठेवा. गाईड घ्यायचा तो इथे, तिथलाच कुणी. मी हे सगळं एका अनवाणी पायाने बघितलं. दुपारी एकला तटावरचा दगड किती तापतो ते मला कुणी शिकवू नये.

जेवणाचं. पोराने नेलं त्या खानावळीत पाटीवर सुरमईपुढे 'मार्केट रेट' लिहिलेलं. मार्केट आम्ही सकाळीच बघून आलो होतो, त्या भावात अख्खी टोपली आली असती. बसायच्या आधी ताटाचा आकडा विचारा, लाजू नका. भरडावर साध्या खानावळी आहेत, तिथे रात्री जेवलो आणि सोलकढी दोनदा मागितली.

दुसऱ्या दिवशी तारकर्ली, देवबाग. छान झालं. तिसऱ्या दिवशी चिवला किनाऱ्यावर रापण, म्हणजे मोठं जाळं, ओढताना बघितली, बाजारातून गोड खाजं घेतलं, घरी आलो.

आता काय न्यायचं. फ्लोटर किंवा मागे पट्टा असलेले बूट, साधी चप्पल अजिबात नको. टोपी, माणशी दोन लिटर पाणी, जखमेला पट्टी, सुटे पैसे. सॅंडलचा पट्टा ढिला असेल तर तो निघण्याआधी शिवून घ्या, ही सूचना स्वानुभवाची. गुडघे दुखणाऱ्यांनी वरच्या वाटेने जावं, काही चुकत नाही. खाली फक्त ओहोटीला, आणि गावातलं कुणीतरी बरोबर असेल तर.

आणि तो तिथीचा हिशोब. रात्री हाताला पट्टी बांधताना काकींनी शिकवला, आणि आता मी तो कोल्हापुरात भेटेल त्याला सांगत सुटलेय. तिथीचा आकडा घ्यायचा आणि त्याची पाऊणपट करायची. जो आकडा येईल त्या वाजता पूर्ण भरती. तेरस म्हणजे १३, त्याची पाऊणपट पावणेदहा. आम्ही सव्वानऊला खाली उतरलो होतो! अष्टमीला ८ ची पाऊणपट ६. शुद्ध असो की वद्य, हिशोब तोच. अमावास्येला कॅलेंडरवर ३० असतं, पण धरायचे १५. भरतीनंतर सहा तासांनी ओहोटी. पाव-अर्धा तास इकडेतिकडे होतो, पण जीव वाचवायला एवढं पुरे. शिवाय पुनव-अवसेच्या आगेमागे उधाण असतं, पाणी जास्त चढतं आणि जास्त उतरतं. म्हणजे त्रयोदशीला आम्ही दोन्हीकडून सापडलो.

मी विचारलं, "काकी, सकाळी हे एवढं समजावून का नाही सांगितलंत?" त्या म्हणाल्या, "सांगलंय मां. तुमी गाईडवाले."

पुढच्या महिन्यात वद्य चतुर्थीला परत जाणार आहोत, फक्त ताई आणि मी. ४ ची पाऊणपट ३, पहाटे तीनला भरती, म्हणजे नऊला कातळ उघडा. काकींची खोली सांगून ठेवलीय. त्यांच्या ओळखीच्या एक बाई कालवं काढायला उतरतात, त्यांच्या मागून जायचं ठरलंय. डावा सॅंडल अजून गाडीच्या डिकीत आहे. नवरा म्हणतो टाकून दे, मी म्हणते थांब जरा, भरतीचं काही सांगता येत नाही.