पूर्णविरामापूर्वीचा श्वास

इंग्रजी मालिकांना मराठी सबटायटल लिहिणे हे माझे गेल्या नऊ वर्षांचे काम आहे. पडद्यावर एका वेळी दोनच ओळी मावतात आणि त्या फार तर सहा-सात सेकंद टिकतात, त्यामुळे काय लिहायचे यापेक्षा काय गाळायचे याचाच विचार दिवसभर चालू असतो. या गाळण्यात आपला हात चांगला बसला आहे, अशी माझी समजूत होती. ती एका मंगळवारी सकाळी उतरली.

त्या दिवशी नव्या मुलांच्या प्रशिक्षणासाठी नमुना म्हणून ‘येस मिनिस्टर’ या बीबीसीच्या मालिकेतला एक छोटा तुकडा मला करायचा होता. पॉल एडिंग्टन यांचा मंत्री जिम हॅकर एक साधा प्रश्न विचारतो, ज्याचे उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’ एवढेच असू शकते. आणि त्याच्या खात्याचे सचिव सर हम्फ्री ॲपलबी, म्हणजे नायजेल हॉथॉर्न, त्यावर असे एक वाक्य बोलतात की ते संपेपर्यंत प्रश्न काय होता हेच मंत्र्याच्या लक्षात राहत नाही. मी त्या वाक्याचे आठ सुटसुटीत तुकडे केले, प्रत्येकाला कर्ता आणि क्रियापद दिले, पूर्णविराम दिले आणि अकरा वाजता फाइल पाठवून मोकळी झाले.

अर्ध्या तासाने आमच्या ज्येष्ठ संपादिका स्वतः माझ्या टेबलाशी आल्या. “अगं, अर्थ सगळा आलाय,” त्या म्हणाल्या, “पण तू त्यांना बोलूच दिलं नाहीस.” मग त्यांनी मजकुराची खिडकी बंद करायला लावली, हेडफोन माझ्या कानावर चढवला आणि सांगितले की शब्दांकडे लक्ष न देता तो माणूस श्वास कुठे घेतो तेवढेच कागदावर टिपायचे.

तो तुकडा मी बहुधा तीस वेळा पाहिला असेन. आपण सगळे उपवाक्य संपले की श्वास घेतो. हॉथॉर्न मात्र ‘आणि’, ‘तथापि’ अशा जोडशब्दांच्या लगेच पुढे घेत होते, म्हणजे वाक्य उघडे असताना, जिथे समोरच्याला मध्ये तोंड घालताच येत नाही अशा जागी. हॅकरचे ओठ दोनदा उघडून मिटतात, ते याच जागांवर. चेहऱ्यावर मात्र कमालीची अदब. फक्त भुवया वाक्याच्या उतरंडीबरोबर किंचित वर जातात. ही मालिका स्टुडिओत बसलेल्या प्रेक्षकांसमोर चित्रित होत असे, त्यामुळे हसण्याची लाट येते तेव्हा ती ओसरेपर्यंत शेवटचा शब्द धरून ठेवावा लागतो. हे काम नाटकातल्या नटाचे आहे, कॅमेऱ्यापुढे शिकलेल्या नटाचे नाही.

हा दम आला कुठून, हे पाहण्यासाठी जेवणाच्या सुट्टीत मी त्यांची कारकीर्द वाचत बसले. जन्म 1929चा, कॉव्हेंट्रीतला. बालपण दक्षिण आफ्रिकेतल्या केपटाउनमध्ये, आणि व्यावसायिक रंगभूमीवरचे पहिले पाऊलही 1950मध्ये तिथेच. पुढच्याच वर्षी ते इंग्लंडला आले, पण तिथे बस्तान बसले नाही म्हणून परत केपटाउनला गेले आणि काही वर्षांनी पुन्हा आले. पुढे बरीच वर्षे मिळेल ती छोटी भूमिका. 1969मध्ये ‘डॅड्स आर्मी’ या विनोदी मालिकेच्या एका भागात ते दिसतात, तर श्रेयनामावलीत त्यांच्या पात्राला नावसुद्धा नाही, नुसताच ‘संतापलेला माणूस’. ‘येस मिनिस्टर’ 1980च्या फेब्रुवारीत सुरू झाली तेव्हा त्यांचे वय पन्नास होते. ती आणि तिच्या पुढची ‘येस प्राइम मिनिस्टर’ मिळून भाग अवघे अडतीस झाले, आणि हम्फ्रीच्या कामासाठी त्यांना ब्रिटिश चित्रपट-दूरचित्रवाणीचे चार बाफ्टा पुरस्कार मिळाले. तीस वर्षे रंगमंचावर मुरलेला आवाज त्या अडतीस भागांत वापरला गेला, असा हिशेब मी तेव्हा मांडला.

दुपारी संपादिकाबाईंनी आणखी एक तुकडा दाखवला आणि माझा हिशेब अपुरा ठरला. ॲलन बेनेट यांचे ‘द मॅडनेस ऑफ जॉर्ज द थर्ड’ हे नाटक 1991मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये आले, त्यात इंग्लंडच्या या राजाची भूमिका हॉथॉर्न यांची होती. त्या कामासाठी त्यांना ब्रिटिश रंगभूमीचा ऑलिव्हिए पुरस्कार मिळाला आणि त्या नाटकावरच्या 1994च्या चित्रपटासाठी ऑस्करचे नामांकन. आजारी राजाच्या तोंडून शब्दांचा लोंढा सुटतो आणि तो त्याचा त्यालाच आवरत नाही. हम्फ्री काही सांगायचे नसते म्हणून अखंड बोलतो. राजा सांगायचे खूप असून थांबता येत नाही म्हणून. हम्फ्री हक्काने घेतो तो श्वास राजाला वाक्यागणिक हिसकावून घ्यावा लागतो. बरे होता होता तो राजा शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’मधला एक प्रवेश वाचतो. पुढे 1999मध्ये, सत्तरीत, जपानी दिग्दर्शक युकिओ निनागावा यांच्या हाताखाली हॉथॉर्न खरोखरच लिअर झाले. त्यावर ब्रिटिश समीक्षकांनी फारशी माया दाखवली नाही. डिसेंबर 2001मध्ये ते गेले.

चार वाजता मी पहिली फाइल पुन्हा उघडली. इंग्रजीत क्रियापद लवकर येऊन जाते आणि मग माणूस फाटे फोडत बसतो. मराठीत ते शेवटी येते, म्हणजे हम्फ्रीचा निम्मा डाव आपल्या व्याकरणातच मांडलेला आहे, आणि मी सकाळी तोच आठ वेळा मोडला होता. भाषा शोधायलाही लांब जावे लागले नाही. माझे वडील जिल्हा परिषदेत कारकून होते. त्यांच्या टिपणीतले ‘सदर प्रकरणी’, ‘उपरोक्त बाबी विचारात घेता’, ‘नियमांच्या अधीन राहून’ हे शब्द मी जेवणाच्या ताटावरही ऐकलेले. सात सबटायटलांत मिळून एकच वाक्य बसवले. प्रत्येक ओळ तिथे तोडली जिथे हॉथॉर्न श्वास घेतात, म्हणजे जोडशब्दानंतर, जे आमच्या नियमपुस्तिकेच्या विरुद्ध आहे. क्रियापद फक्त सातव्यात ठेवले.

साडेपाचला संपादिकाबाईंनी ते उभ्यानेच पाहिले. मागे उभा असलेला प्रशिक्षणातला एक मुलगा पाचव्या ओळीला हसला, तेव्हा त्यांनी मान हलवली, खाली बसल्या आणि चौथ्या ओळीच्या शेवटचा माझा स्वल्पविराम काढून टाकला. “इथे ते थांबत नाहीत,” त्या म्हणाल्या. मी कागद पाहिला. खरोखरच थांबत नव्हते.