व्हॅलहाइम को-ऑप लॉग: ताई जॉइन झाली, सर्व्हर जर्मनीला गेला, आता तीन अंडी

मंडळी, मागचा लॉग लिहून तीन महिने होत आले. तेव्हा आम्ही तिघं होतो, एल्डर (काळ्या जंगलाचा राक्षस) पडला होता, दलदलीतल्या तळघरांची किल्ली हातात होती आणि लोखंड मात्र अजून एक तुकडाही नव्हतं. आता चौघं आहोत, बोनमास (दलदलीचा राक्षस) झाला, डोंगरावर चांदी निघायला लागलीय. पण यावेळी राक्षसांपेक्षा जॉइन होण्याबद्दलच जास्त लिहिणारे, कारण चार ठिकाणची चार माणसं दर शनिवारी एकाच जगात उतरवणं हे मला आता गेमइतकंच मोठं काम वाटतं आणि त्यात मजाही तितकीच येते.

नवीन असाल तर थोडक्यात, व्हॅलहाइम हा स्वीडनच्या आयर्न गेट स्टुडिओचा गेम, २ फेब्रुवारी २०२१ ला अर्ली ॲक्सेसमध्ये (म्हणजे पूर्ण होण्याआधीच विक्रीला) आला, एका जगात जास्तीत जास्त १० जण. लाकूड तोडा, घर बांधा, जेवण करा, जहाज बांधा, एकेका प्रदेशाचा राक्षस पाडा आणि पुढे सरका. आमच्यातला सोन्या नाशिकला, डॉक्टर (खरा डॉक्टर नाही, कॉलेजात पडलेलं नाव) जर्मनीत श्टुटगार्टला, मी साताऱ्यात. भारतातले रात्रीचे नऊ म्हणजे जर्मनीत उन्हाळ्यात संध्याकाळचे साडेपाच, सगळ्यांना चालेल अशी ही एकच वेळ.

आधी लाईटची गोष्ट. जग माझ्या पीसीवर होतं, म्हणजे मी गेम चालू करणार आणि बाकीचे माझ्यात जॉइन होणार. ऑगस्टमधला शनिवार, बाहेर धो धो पाऊस, आम्ही दोन तळघरं रिकामी करून बेसवर आलो होतो, सोन्याने ४२ स्क्रॅप लोखंड पेटीत टाकलं, आणि त्याचवेळी आमच्याकडची लाईट गेली. पाऊण तासाने आली. परत चालू करून बघतो तर जग शेवटच्या सेव्हवर मागे गेलेलं, पेटी रिकामी, आणि सोन्याच्या खिशातही लोखंड नाही. त्याचं कारण असं की या गेममध्ये पात्र आणि जग वेगवेगळं सेव्ह होतं. पात्र ज्याच्या त्याच्या मशीनवर, जग होस्टच्या मशीनवर. कनेक्शन तुटलं तेव्हा सोन्याचं पात्र लोखंड पेटीत ठेवल्यानंतरच्या अवस्थेत सेव्ह झालं, जग मात्र त्याच्या आधीच्या अवस्थेत गेलं, म्हणजे लोखंड दोन्हीकडून गेलं. सोन्या एक शब्द बोलला नाही, फक्त म्हणाला "चल रे, परत जाऊ", पण मला फार लागलं ते. दोन तासांची मेहनत होती त्याची.

आणि दुसरा त्रास, जो मला जास्त खुपायचा. जग माझ्याकडे म्हणजे मी नसलो की कोणालाच खेळता येत नाही. डॉक्टरला बुधवारी एक तास मोकळा मिळाला आणि त्याला नुसती बागेत गाजरं लावायची असली तरी त्याने मला फोन करायचा. हे बरोबर नाही.

म्हणून सर्व्हर वेगळा काढायचा ठरलं. डेडिकेटेड सर्व्हरचं (कोणी खेळत नसलं तरी जग चालू ठेवणाऱ्या वेगळ्या मशीनचं) सॉफ्टवेअर स्टीम या गेमच्या दुकानावर फुकट मिळतं, टूल्समध्ये शोधा, त्यासाठी गेमची वेगळी कॉपी लागत नाही. डॉक्टरकडे एक जुना लॅपटॉप पडून होता, स्क्रीनचं बिजागर तुटलेला, पण चालणारा. त्यावर लिनक्स टाकलं, मी माझ्या मशीनवरच्या 'वर्ल्ड्स लोकल' फोल्डरमधल्या जगाच्या दोन फाइली त्याला पाठवल्या (एक डीबी, एक एफडब्ल्यूएल, दोन्ही लागतात, एक विसरलात तर जग उघडणार नाही), आणि पहिल्याच प्रयत्नात आमचं गाव, आमचं लांबलचक घर, दारातल्या मशाली, सगळं जसंच्या तसं उभं. लॅपटॉपचा फायदा असा की त्याला स्वतःची बॅटरी असते, तिकडे लाईट जात नाही ते सोडाच. जर्मनीच निवडायचं अजून एक कारण म्हणजे तो मध्यावर पडतो, भारतातून आम्हाला पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला लागणारा वेळ) दीडशे मिलिसेकंदांच्या आसपास मिळतो आणि ते ठीक चालतं. पासवर्ड किमान पाच अक्षरांचा लागतो आणि तो सर्व्हरच्या नावात असून चालत नाही, यात आमची वीस मिनिटं गेली, तुमची जाऊ नयेत म्हणून लिहितोय.

इथेच क्रॉसप्लेचा (वेगवेगळ्या मशीनवरच्यांनी एकत्र खेळायचा) पर्याय चालू केला आणि त्याचं कारण ताई.

ताई म्हणजे माझी मावसबहीण, टोरोंटोला असते. तिच्या मुलाने एक्सबॉक्सवर हा गेम घेतला होता (एक्सबॉक्सवर मार्च २०२३ मध्ये आला), त्याला दोन दिवसात कंटाळा आला आणि ताईने सहज कंट्रोलर हातात घेतला. मला व्हॉट्सॲपवर फोटो पाठवला, गवताळ माळावर एक झोपडी, अर्ध्या छपराची, आणि खाली मेसेज, "अरे हे घरात धूर का होतोय, मी मरतेय सारखी." मी लगेच फोन केला. चुलीचा धूर वर जायला जागा ठेवावी लागते, छप्पर पूर्ण बंद केलं की धूर आत साठतो आणि जीव जातो, हे तिला सांगितलं, आणि मग म्हटलं ताई तू एकटी कशाला खेळतेस, आमच्यात ये.

एक्सबॉक्सवाल्याला पीसीच्या सर्व्हरवर यायचं तर क्रॉसप्ले लागतं, आणि क्रॉसप्ले चालू केलं की जॉइन कोड मिळतो. आपल्याकडच्या बऱ्याच इंटरनेट कनेक्शनला स्वतःचा पब्लिक आयपी (बाहेरून थेट पोचता येईल असा पत्ता) नसतो, एकाच आयपीमागे कित्येक घरं असतात, त्यामुळे २४५६ पोर्ट उघडून मित्राला आयपी देणं हा जुना उपाय चालतच नाही. कोडने ती कटकट संपते, राउटरला हात लावायला लागत नाही. एवढंच की सर्व्हर रिस्टार्ट झाला की कोड बदलतो, म्हणून डॉक्टर दर शनिवारी ग्रुपवर नवीन कोड टाकतो, सहा आकडे, आणि खाली लिहितो "या रे". ताई आल्यापासून "या" एवढंच लिहितो.

आता खरा प्रश्न. आमच्या अंगावर लोखंडी चिलखत, हातात लोखंडी गदा, आणि ताईच्या अंगावर चिंध्या. सोन्या म्हणाला सगळं देऊन टाकू तिला, पेट्या भरल्यात. मला ते पटलं नाही. या गेममध्ये एखादी वस्तू पहिल्यांदा हातात घेतली की तिच्यापासून काय काय बनतं ते उघडतं. तांबं उचललं की पडद्यावर नवीन नवीन गोष्टींची नावं येतात आणि ती एकेक नाव बघताना जो आनंद असतो तो आम्ही तिघांनी घेतलाय, तो तिच्याकडून का काढून घ्यायचा. पेटी उघडून तिच्या हातात लोखंड, चांदी सगळं एकदम दिलं असतं तर दोन मिनिटांत शंभर नावं येऊन गेली असती आणि तिला काहीच कळलं नसतं.

मग ठरलं असं की जेवण आमचं, ढाल आमची, बाकी तिचं. जेवण द्यायलाच पाहिजे, कारण इथे एकावेळी तीन पदार्थ खाता येतात आणि तुमचं आयुष्य किती हे जवळजवळ त्यावरच ठरतं, उपाशी माणूस दलदलीत एका फटक्यात जातो. आम्ही तिघांनी आमची चांगली हत्यारं पेटीत ठेवली, साधे धनुष्य घेतले, तिच्याबरोबर दोन हरणांची मुंडकी गोळा केली आणि एक्थिरला, म्हणजे गेममधल्या पहिल्या राक्षसाला, परत बोलावलं. शेवटचा बाण तिचा. डिस्कॉर्डवर ती जी ओरडली ना, मागून तिचा मुलगा धावत आला काय झालं म्हणून. त्याच्या शिंगांपासून कुदळ बनते, ती तिने स्वतः बनवली, मग काळ्या जंगलात तांब्याचा पहिला दगड स्वतः फोडला. दोन तांबं एक कथील मिळून एक कांसं होतं हे कळल्यावर म्हणाली, "अरे म्हणजे आजीच्या कांशाच्या वाटीसारखंच की." तीन शनिवारात ती आमच्या बरोबरीला आली. हे तीन शनिवार आम्ही पुढे सरकलो नाही आणि मला विचाराल तर सगळ्यात चांगले शनिवार तेच.

अजून एक गोष्ट तिच्यामुळे नव्याने दिसली. गेममध्ये रात्र संपवायची तर जितके ऑनलाइन आहेत तितके सगळे पलंगावर आडवे व्हावे लागतात, एक जरी जागा असला तरी सकाळ होत नाही. पूर्वी आम्ही तिघं कुठे कुठे पांगलेले असायचो आणि रात्र तशीच काढायचो. ताईने घरात चार पलंग ओळीने लावले, मध्ये चूल, बाजूला हरणाच्या कातड्याची सतरंजी, आणि अंधार पडला की ती हाक मारते, "चला, झोपायला या." आम्ही कुठेही असलो तरी येतो. चुलीजवळ बसलं की पुढे बराच वेळ दम लवकर भरून येतो तो फायदा आहेच, पण चौघं एकदम आडवे होऊन स्क्रीन काळी होते आणि सकाळ उजाडते ते मला फार आवडतं.

नकाशाचंही सांगून ठेवतो, प्रत्येकाचा नकाशा वेगळा असतो, नव्या माणसाला सगळीकडे अंधार दिसतो. नकाशाचं टेबल बनवा, त्याला कांसं, हाडं, चामडं, बारीक लाकूड आणि चक्क रास्पबेरी लागतात. आमच्यातल्या प्रत्येकाने आपला नकाशा त्यावर उतरवला, ताईने तो वाचला आणि एका क्षणात तिच्यासमोर आमची सगळी भटकंती उघडली.

लोखंडाकडे येतो. पोर्टलमधून (दूरच्या दोन जागा जोडणाऱ्या दारातून) माणूस जातो पण धातू जात नाही, त्यामुळे दलदलीतलं लोखंड जहाजातूनच आणावं लागतं. ऑगस्ट २०२३ पासून जगाच्या सेटिंग्समध्ये हा नियम काढून टाकता येतो, डॉक्टरचं म्हणणं होतं की काढू, वेळ वाचेल, त्याला घरी लहान बाळ आहे आणि त्याचं म्हणणं चुकीचं अजिबात नाही. आम्ही मत घेतलं. सोन्या आणि मी नको म्हणालो, ताई म्हणाली एकदा जहाजातून जाऊन बघते मग सांगते.

गेलो. लाँगशिप, १८ खणांचा माल, त्यात साडेतीनशेच्या आसपास स्क्रॅप. सुकाणूवर ताई. तिला कोणी सांगितलं नव्हतं पण तिने पहिल्या पाच मिनिटांत वारा ओळखायला सुरुवात केली, समोरून वारा असला की शीड उतरवून वल्ही, तिरका झाला की अर्धं शीड, मागून आला की पूर्ण. आम्ही तिघं बाकांवर बसलेलो, समुद्र काळाभोर, पाऊस, आणि गप्पा सुरू झाल्या त्या गेमच्या नाहीतच, कॉलेजच्या मेसमधली पातळ आमटी, सोन्याच्या बाबांचं ऑपरेशन, ताईला तिकडे पहिल्या हिवाळ्यात किती एकटं वाटलं होतं ते. हे तिने मला सुद्धा आधी कधी सांगितलं नव्हतं. मध्येच सोन्या ओरडला "डावीकडे, डावीकडे", आणि पाण्यातून सागरी सर्पाची पाठ वर आली, जहाजाला धडका बसायला लागल्या, आम्ही तिघं बाण मारतोय आणि ताई अजिबात न घाबरता जहाज वळवून आम्हाला बाजू मिळवून देतेय. जहाज अर्ध्याहून जास्त फुटलं होतं, पण पोचलो, एक तुकडा लोखंड बुडालं नाही. धक्क्याला लागल्यावर डॉक्टर स्वतःच म्हणाला, "राहू दे रे नियम तसाच."

बोनमासबद्दल थोडक्यात, कारण त्यावर सगळ्यांनीच लिहिलंय. गदा घ्या, तलवारीने काही होत नाही, विषाच्या उताऱ्याचं मीड (मधाचं पेय) आधी आंबवत टाका (मध, थिसल हे झुडूप, नेक या छोट्या प्राण्याची शेपटी, कोळसा), त्याला बोलवायला दहा कुजकी हाडं लागतात. एकच टीप माझ्याकडून. या गेममध्ये एखाद्या भागात जो पहिला पोचतो त्याचं मशीन तिथले राक्षस चालवतं, डेडिकेटेड सर्व्हर असला तरीही. म्हणजे ज्याचं नेट खराब तो पहिला पोचला तर बाकीच्यांना राक्षस उड्या मारत दिसतो, फटका कधी बसला कळत नाही. आमच्या पहिल्या प्रयत्नात मी पुढे धावलो होतो, त्या दिवशी माझं नेट रडत होतं, चौघंही मेलो. दुसऱ्या वेळी डॉक्टरला पुढे पाठवलं, तो पोचून उभा राहिला, मग आम्ही गेलो, आणि सगळं लोण्यासारखं चाललं.

आता डोंगर. बोनमासकडून मिळालेलं विशबोन लावलं की जमिनीखालची चांदी जवळ आली की सिग्नल देतं, तशा दोन खाणी सापडल्या. मोडर, म्हणजे डोंगरावरचा ड्रॅगन, तिला बोलवायला तीन अंडी लागतात. एका अंड्याचं वजन २००. माणूस ३०० उचलतो, त्यात चिलखत, हत्यारं, जेवण आलंच. व्यापाऱ्याकडचा ९५० नाण्यांचा पट्टा घेतला तर ४५०, पण तो आमच्याकडे एकच आहे. आणि अंडीही पोर्टलमधून जात नाहीत. म्हणजे एका माणसाला एकच अंडं, तीन माणसं तीन अंडी, चौथा मोकळ्या हाताने लांडगे बघणार.

गेल्या शनिवारी हेच केलं. सोन्याने नको नको ते सामान बेसवर टाकलं आणि नुसतं धनुष्य घेऊन आला. थंडीचं मीड सगळ्यांनी एकदम प्यायलो म्हणजे वेळ एकत्र संपेल. ताईने पट्टा स्वतःला घेतला नाही, डॉक्टरला दिला, कारण त्याचं चिलखत सगळ्यात जड. बर्फाचं वादळ असं होतं की पुढच्या माणसाची फक्त मशाल दिसायची. मी पुढे मोकळा, मागे ते तिघं एका ओळीत, आणि दर थोड्या वेळाने ताई विचारायची, "आहात ना रे सगळे?" आणि एकेक जण "आहे" म्हणायचा. दोन लांडगे आले, एक सोन्याच्या पायाशीच, पण त्याने अंडं टाकलं नाही.

मोडरला बोलवायच्या वेदीपाशी पोचलो तेव्हा इकडे रात्रीचा सव्वा वाजला होता, डॉक्टरचं बाळ रडायला लागलेलं. वेदीच्या जरा खाली दगडाच्या आडोशाला चार भिंती उभ्या केल्या, पेटीत तीन अंडी ठेवली, चार पलंग टाकले.

युरोपचं घड्याळ ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मागे गेलं, कॅनडाचं नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी, त्यामुळे या शनिवारपासून आमचे नऊ म्हणजे डॉक्टरचे साडेचार आणि ताईचे सकाळचे साडेदहा. ताई म्हणाली चहा घेऊनच बसते. थंडीच्या मीडची पिंपं आंबत ठेवलीत, बाण सोन्या करतोय, कोड डॉक्टर टाकेल.