चूल म्हणजे काय?

हर्णैच्या अलीकडे आमची वाडी. सव्वीस जानेवारीला सकाळी झेंडावंदन, दुपारी शाळेत सार्वजनिक सत्यनारायण, रात्री नाटक. नटांची रंगरंगोटी आटपेपर्यंत माणसं उठून जाऊ नयेत म्हणून मध्ये वादविवाद घुसवलेला. मला मात्र नाटक एकही आठवत नाही, वादविवाद आठवतात.

घटनेचा विषय दर दोन-तीन वर्षांनी यायचाच. तात्या मुंबईला कोर्टात कारकून होते. ते केशवानंद भारती खटला रंगवून सांगत. "१९७३ साल! तेरा न्यायाधीश, सात विरुद्ध सहा! संसदेनं घटना दुरुस्त करावी, पण मूळ चौकट मोडता येणार नाही!" टाळ्या. मग गुरुजी शांतपणे उठत. "तात्या, ही चौकट कुठल्या कलमात लिहिली आहे, तेवढं दाखवा." तात्या तांब्यातलं पाणी पीत.

पण खरी गंमत चुलीची. मंडळाच्या जुन्या वहीत नियम होता, 'चुलीमागे एक वर्गणी'. घरोघरी गॅस आला आणि एका काकांनी हात वर केले, "आमच्याकडे चूलच नाही!" तात्या म्हणाले, शेगडी म्हणजे चूलच, अर्थ बघा. गुरुजी म्हणाले, "अर्थ ताणू नका. सभा बोलवा, मतं घ्या, वहीत दुरुस्ती करा. घटनेत ३६८ कलम कशाला ठेवलंय?" बोलणं बिनतोड. फक्त चाकरमानी सभेला येईनात, गणपूर्ती होईना, आणि तीन वर्षं वर्गणी बुडाली. सत्यनारायणाच्या शिऱ्यातले काजू तेव्हाच गेले, ते परत आलेच नाहीत.

२०१८ ला गेलो तेव्हा तात्या नव्हते. गुरुजी कानटोपी घालून घंटेपाशी बसलेले. तात्यांची नात बोलायला उभी राहिली. आदल्या ऑगस्टमध्ये नऊ न्यायाधीशांनी एकमतानं खासगीपणाला मूलभूत हक्क मानलं होतं. १९७६ मध्ये आणीबाणीतल्या स्थानबद्धांना कोर्टाचं दार बंद करणाऱ्यांत न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड होते. तो निकाल चुकीचा होता, असं या खटल्यात लिहिलं त्यांच्याच मुलानं, धनंजय चंद्रचूडांनी. हे ती सांगत असताना मागची कुजबुज थांबली.

"पण बाळ, खासगीपणा हा शब्द घटनेत कुठं आहे?" गुरुजींनी बसल्या जागेवरून विचारलं. परीक्षकानं असं विचारायचं नसतं, पण त्यांना कोण सांगणार?

"नाहीच आहे, गुरुजी. कलम २१ मध्ये जीवित आणि व्यक्तिगत स्वातंत्र्य आहे. चुलीत शेगडी येते ना, तसा त्यात तो येतो."

गुरुजींनी घंटा वाजवली. तिची दीड मिनिटं अजून शिल्लक होती.