अ‍ॅन राइनकिंग: नाचणारी, नाच बसवणारी, शिकवणारी

काल रात्री झोप येईना म्हणून यूट्यूबवर अ‍ॅन राइनकिंगचे जुने व्हिडिओ बघत बसले, आणि मग काय, दोन वाजले! सिअ‍ॅटलची पोरगी, बॅले शिकलेली, न्यूयॉर्कला आली आणि ब्रॉडवेवर, म्हणजे तिथल्या मोठ्या नाट्यगृहांत, कोरसमधून (मागे नाचणाऱ्या समूहातून) वर चढत गेली, 1977 मध्ये 'शिकागो' या संगीत नाटकात ग्वेन व्हर्डन या अभिनेत्रीच्या जागी रॉक्सी ही नायिका झाली. 'शिकागो'चे नाच बसवणाऱ्या बॉब फॉसीची स्टाइल तिच्या अंगात भिनलेली: गुडघे आत वळलेले, एकच खांदा हळूच फिरतोय, हॅट डोळ्यांवर, हातमोज्यातली बोटं ताणलेली. दिसायला सोप्पं वाटतं, करून बघा एकदा, कंबर धरते.

फॉसी 1987 ला गेला. 1996 मध्ये 'शिकागो' परत आलं तेव्हा नाच हिनेच बसवले, त्याच्याच शैलीत पण नव्याने, आणि वर रॉक्सीही स्वतःच केली, तेही चाळिशी उलटून गेल्यावर! 1997 चा कोरिओग्राफीचा टोनी, म्हणजे ब्रॉडवेचा सगळ्यात मानाचा पुरस्कार, मिळाला. तो प्रयोग ब्रॉडवेवर इतकी वर्षं चालला त्यात हिचा वाटा मोठाच आहे असं मला वाटतं, बाकी कोणी काही म्हणो.

शिवाय फ्लोरिडात टँपाला 'ब्रॉडवे थिएटर प्रोजेक्ट' उभं केलं, तरुण मुलांना शिकवायला. 2020 च्या डिसेंबरात ती गेली. फॉसीच्याच 'डान्सिन' या शोमधली तिची क्लिप मिळाली तर नक्की बघा, पाय बघा तिचे!