पाठ झालेलं जंगल पुन्हा अनोळखी केलं

‘पोकेमॉन एक्स’ या व्हिडिओ गेममध्ये सॅन्टालूनच्या जंगलात पिकाचू भेटण्याची शक्यता शंभरात पाच. मला झोपेतून उठवून विचारलंत तरी सांगेन. बाकीच्या वेळी बहुतेक कॅटरपी, स्कॅटरबग, फ्लेचलिंग असे पोकेमॉन. जंगल ओलांडून गेलं की पहिलं जिम, म्हणजे लढतीचा आखाडा, व्हायोलाचं, तिच्याकडे दहाव्या लेव्हलचा सर्सकिट आणि बाराव्या लेव्हलचा व्हिविलॉन. ‘पोकेमॉन एक्स’ मी तीनदा संपवला आहे. चौथ्यांदा सुरू करायला म्हणून बसले आणि सुरू न करताच कन्सोल मिटून ठेवला. गवतात पाय टाकण्याआधीच आत कोण आहे ते ठाऊक असेल, तर पाय टाकावासाच वाटत नाही.

हे मी धाकट्या भावाला फोनवर सांगितलं. तो गेली काही वर्षं हॅम्बुर्गला असतो. तो म्हणाला, “ताई, रँडमायझर टाक. मी पण टाकतो. सीड एकच घेऊ, म्हणजे दोघांना एकच जग मिळेल.”

आमच्या घरातला थ्रीडीएस एक्सएल, म्हणजे निन्टेन्डोचा हातात धरून खेळायचा कन्सोल, खरं तर त्याचाच. २०१४ साली पहिल्या पगारातून त्याने तो लॅमिंग्टन रोडवरून आणला होता, निळा, आता बिजागरीत जरा सैल झालेला. परदेशी जाताना माझ्याकडे ठेवून गेला, तिकडे त्याच्याकडे आता दुसरा आहे. शाळेतून आल्यावर दप्तर न उतरवता हिंदीतलं पोकेमॉन बघणारी आम्ही दोघं, त्यामुळे त्या यंत्राशी आमचं नातं खेळण्यापुरतं नाही. निन्टेन्डोने थ्रीडीएसचं उत्पादन २०२० मध्ये थांबवलं, त्याचं ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ ला बंद झालं आणि ८ एप्रिल २०२४ ला ऑनलाइन खेळणंही थांबलं. आता हे यंत्र जिवंत ठेवायचं तर ते आपणच ठेवायचं, असं मला मनापासून वाटतं.

रँडमायझर म्हणजे नेमकं काय, ते थोडक्यात सांगते. गेमच्या आत तक्ते असतात: कुठल्या रस्त्यावर कोण भेटतो, कुठल्या ट्रेनरकडे (लढायला येणाऱ्या प्रतिस्पर्ध्याकडे) कोण आहे, जमिनीवर कुठली वस्तू पडली आहे. ‘युनिव्हर्सल पोकेमॉन रँडमायझर झेडएक्स’ हा जावा या प्रणालीवर चालणारा प्रोग्राम ते तक्ते पिसून नव्याने भरतो. हे पिसणं एका आकड्यावरून ठरतं, तो आकडा म्हणजे सीड. गेम तोच, सेटिंग तीच, सीड तोच, तर नाशिकमध्ये आणि हॅम्बुर्गमध्ये अगदी एकसारखं जग तयार होतं.

आधी कन्सोल मॉड करावा लागतो, म्हणजे त्यात लुमा थ्रीडीएस हे कस्टम फर्मवेअर (कन्सोल चालवणाऱ्या मूळ प्रणालीची बदललेली आवृत्ती) बसवावं लागतं. यावर फार लिहीत नाही. लिखित मार्गदर्शन ओळीओळीने वाचत गेले, घाई केली नाही, चार्जर लावून ठेवला, तासाभरात झालं. एकच गोष्ट आग्रहाने सांगेन: सगळं झाल्यावर गॉडमोड ९ या फाइली हाताळणाऱ्या प्रोग्राममधून कन्सोलच्या आतल्या मेमरीची पूर्ण प्रत काढा आणि ती मेमरी कार्डावर न ठेवता दुसरीकडे ठेवा. साधारण एक जीबीची फाइल असते. पुढे काही बिघडलं तर परतीची वाट तीच.

माझे चार दिवस गेले ते कार्डापायी. मूळचं कार्ड चार जीबीचं, ते पुरणार नाही म्हणून मी ६४ जीबीचं नवं घेतलं. मोठी कार्डं एक्सफॅट या मांडणीत येतात, थ्रीडीएसला फॅट ३२ ही मांडणी लागते, म्हणून फॉरमॅट करून घातलं. कन्सोलने ते ओळखलं, सगळं सुरळीत. मग मी माझ्याच कार्ट्रिजमधून, म्हणजे गेम ज्या छोट्या डबीत येतो तिच्यातून, गेमची प्रत काढली. (मी दुसऱ्या कुणाची प्रत वापरत नाही. कार्ट्रिज माझ्या हातात आहे, त्याचीच प्रत, हा माझा नियम.) दोन जीबीची फाइल, पट्टी हळूहळू सरकत राहिली, शेवटी यशस्वी म्हणून संदेश आला. लॅपटॉपवर घेतली तर रँडमायझर ती उघडेना. पुन्हा काढली. पुन्हा तेच. मला वाटलं कार्ट्रिजच्या सोनेरी पट्ट्या खराब झाल्या, म्हणून कोरड्या सुती कापडाने हलक्या हाताने पुसल्या. फरक नाही.

तिसऱ्या दिवशी भाऊ म्हणाला, “ताई, कार्ड तपासलंस का?” लॅपटॉपवर एच२टेस्टडब्ल्यू चालवला. हा प्रोग्राम कार्ड काठोकाठ भरतो आणि मग लिहिलेलं परत वाचून बघतो. निकाल आला: खरी जागा आठ जीबीच्याही आत, त्यापुढे लिहिलेलं सगळं हवेत. कार्डावर छापलेला ६४ चा आकडा खोटा. फोटो, जुनी गाणी आणि आतल्या मेमरीची ती प्रत मिळून आठ जीबी आधीच भरले होते, म्हणजे गेमची फाइल जिथे जागाच नव्हती तिथे लिहिली जात होती, आणि कन्सोलला ते कळायचं साधन नव्हतं. मला राग आला तो पैशांपेक्षा यासाठी, की भावाचा जुना सेव्ह, म्हणजे त्याच्या खेळाची साठवलेली प्रगती, मी त्याच कार्डावर उतरवणार होते. पुढचं कार्ड आणल्या आणल्या, दुसरं काहीही करण्याआधी, संपूर्ण तपासलं. तुम्हीही तपासा. तीन-चार तास लागतात, लागू देत.

त्या सेव्हबद्दल सांगायला हवं. कार्ट्रिजवर सेव्हची जागा एकच. नवा खेळ सुरू करायचा तर जुना पुसावा लागतो: सुरुवातीच्या पडद्यावर वर, एक्स आणि बी एकत्र दाबायचं. जुना सेव्ह म्हणजे भावाचे तीनशे बारा तास. त्यात त्याचा लाडका पोकेमॉन ग्रेनिंजा आहे, नाव रोमन लिपीत ‘बाळ्या’, कारण थ्रीडीएसवर देवनागरी टाइप होत नाही. चेकपॉइंट हा सेव्ह राखणारा प्रोग्राम टाकला, सेव्हची प्रत काढली, लॅपटॉपवर घेतली, भावाला मेल केली. मग खात्री करायला तीच प्रत कार्ट्रिजवर परत चढवली आणि गेम उघडून बघितला. बाळ्या जागेवर होता. त्यानंतरच वर, एक्स आणि बी दाबलं.

आता लॅपटॉपची बाजू. कार्ट्रिजमधून निघणारी फाइल एन्क्रिप्ट केलेली, म्हणजे कुलूपबंद असते, ती गॉडमोड ९ मध्येच डिक्रिप्ट करून (उघडून) घ्यायची, नाहीतर रँडमायझर घेत नाही. थ्रीडीएसच्या गेमना मेमरी भरपूर लागते, म्हणून प्रोग्राम थेट न उघडता सोबतच्या लाँचर फाइलवरून उघडायचा. माझ्याकडे दुसऱ्या कामासाठी टाकलेला ३२ बिटचा जावा होता, त्याला तेवढी मेमरी घेताच येत नाही. ६४ बिटचा टाकला, सुरू झालं.

सेव्ह करताना लेयर्डएफएस हा पर्याय निवडला. त्यात अख्खा गेम नव्याने तयार होत नाही, फक्त बदललेल्या फाइली मिळतात. त्या कार्डावर लुमाच्या फोल्डरमध्ये, टायटल्सच्या आत, गेमच्या सोळा अक्षरी ओळख क्रमांकाच्या नावाने ठेवायच्या. एक्सचा क्रमांक ५५डी०० ने संपतो. कार्ट्रिज नेहमीसारखं घालायचं. गेम सुरू होताना लुमा मधल्या मधे मूळ फाइलींऐवजी कार्डावरच्या फाइली पुढे करतो. कार्ट्रिजमधल्या गेमला हात लागत नाही, आणि फोल्डर काढलं की मूळ गेम परत.

पहिल्यांदा सुरू केलं तर काहीच बदललेलं नाही, सुरुवातीला निवडायला तेच चेस्पिन, फेनेकिन, फ्रोकी. सिलेक्ट दाबून धरून कन्सोल चालू केला की लुमाची सेटिंग येते, तिथे गेम पॅचिंगपुढे खूण नव्हती. ती केली. आता गेम उघडताच कोसळला, काळ्या पडद्यावर आकड्यांच्या रांगा.

याचं कारण शोधायला एक संध्याकाळ लागली. कन्सोलवर गेमचं १.५ हे अपडेट होतं, आणि मी रँडमाइझ केली होती ती कार्ट्रिजवरची मूळ आवृत्ती. दोन्हींचा कोड वेगळा, म्हणून ठोकर. भाऊ म्हणाला, “अपडेट उडव ना, ऑनलाइन तर बंदच झालंय.” मी नाही म्हटलं. २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये गेम आला तेव्हा लुमिओझ शहराच्या काही भागांत सेव्ह केलं तर पुढे गेम अडकून बसायचा, आणि तो दोष पहिल्याच अपडेटने दुरुस्त केला होता. अपडेट उडवलं की तो दोष परत. म्हणून अपडेटही गॉडमोड ९ मधून वेगळ्या फाइलीत काढलं, डिक्रिप्ट केलं, रँडमायझरमध्ये अपडेट जोडायचा पर्याय आहे तिथून जोडलं आणि सगळं नव्याने केलं. भावालाही तसंच करायला लावलं. या वेळी गेम उघडला.

खरा विचार करावा लागला सेटिंगसाठी. आमच्या पहिल्या फेरीत आम्ही दिसेल त्या चौकटीत खूण केली. पोकेमॉनचे प्रकार बदलले, क्षमता बदलल्या, कोण कशात विकसित होतो ते बदललं, चालीसुद्धा. दुसऱ्या दिवशी दोघांनाही कंटाळा आला. मॅजिकार्प आगीचा असेल आणि त्याचा उद्या कोणीही होणार असेल, तर तो मॅजिकार्प उरतच नाही, नुसतं एक चित्र उरतं. इतक्या वर्षांत आपण जे शिकलो, पाण्याने आग विझते, ट्रापिंच पस्तिसाव्या लेव्हलला व्हायब्राव्हा होतो, ते सगळं कुचकामी ठरतं. माझं मत तेव्हापासून पक्कं आहे: कोण कुठे भेटतो ते बदलावं, कोण काय आहे ते बदलू नये.

म्हणून दुसऱ्या फेरीत प्रकार, क्षमता, चाली तशाच ठेवल्या. सुरुवातीचे तीन मात्र रँडम, पण दोनदा विकसित होणारेच. रानातले पोकेमॉन ‘एरिया वन टू वन’ पद्धतीने, म्हणजे एका भागातल्या कॅटरपीच्या जागी जो येईल तो त्या भागात सगळीकडे तोच. सोबत ‘सिमिलर स्ट्रेंग्थ’, म्हणजे बदली येणारा साधारण तेवढ्याच ताकदीचा, दुसऱ्याच रस्त्यावर रेक्वाझासारखा बलाढ्य नको. ट्रेनरही त्याच ताकदीचे, आणि प्रत्येक जिमला स्वतःचा एक प्रकार. शिवाय अशक्य उत्क्रांती बदलून घेतल्या: हॉन्टर, कडाब्रा, मशोक, ग्रॅव्हेलर हे दुसऱ्याशी अदलाबदल केल्याशिवाय पुढे जात नाहीत. ऑनलाइन बंद झाल्यापासून अदलाबदलीला दोन यंत्रं जवळजवळ लागतात, आणि आमच्या यंत्रांमध्ये समुद्र आहे. आता ते लेव्हलवर विकसित होतात.

रँडमायझर एक लॉग फाइलही देतो, त्यात सगळी उत्तरं असतात. ती दोघांनीही उघडायची नाही असं ठरलं.

शनिवारी माझे रात्रीचे साडेनऊ, त्याची संध्याकाळ. फोन स्पीकरवर, दोघांच्या हातात कन्सोल. तीन बॉलमध्ये ट्रापिंच, राल्ट्स, डस्कल. मी ट्रापिंच घेतला, त्याने राल्ट्स. दोन नंबरच्या रस्त्यावरून सॅन्टालूनच्या जंगलात शिरलो आणि दोघंही गप्प झालो. तेच संगीत, तीच पानांतून येणारी उन्हाची तिरीप, पण गवत हललं तेव्हा माझा अंगठा थांबला. आत कोण असेल ते मला माहीत नव्हतं. स्पील निघाला, जंगलात समुद्राचं पिल्लू. मग शिन्क्स. मग पुन्हा स्पील. मी मनात हिशेब लावत होते, हा कुणाच्या जागी असेल, इतका सारखा भेटतोय म्हणजे फ्लेचलिंगच्या की स्कॅटरबगच्या?

“ताई, पिकाचूच्या जागेवर कोण आहे, आज शोधूनच काढू,” भाऊ म्हणाला.

शंभरात पाच. पाऊण तास आम्ही त्याच गवतात फिरत होतो. त्याच्याकडे कुकर नाही, पण माझ्या कुकरच्या दोन शिट्ट्या त्याने तिकडून मोजल्या आणि म्हणाला, “तिसरी झाली की बंद कर.” मी गॅस बंद करून आले, दोन पावलं टाकली आणि पडदा फिरला. क्यूबोन. मेलेल्या आईची कवटी डोक्यावर घालून फिरणारा तो लहानसा जीव, हातात हाड. मी काही बोलले नाही. फोनमधून त्याने विचारलं, “आलं का काही?”

“क्यूबोन.”

“थांब, थांब, पकडू नकोस लगेच. मला पण येऊ दे.”

मी थांबले. माझ्या पडद्यावर तो हाड हलवत उभा होता, मी काही दाबत नव्हते, म्हणून तोही काही करत नव्हता. बारा-तेरा मिनिटं गेली असतील. मग तिकडून आधी खुर्ची सरकल्याचा आवाज आला, आणि मागोमाग तो ओरडला. दोघांनी एकदम बॉल टाकला. माझा तीन वेळा हलून बंद झाला. त्याचा क्यूबोन दोनदा बाहेर आला, तिसऱ्या बॉलमध्ये थांबला. नावं ठेवायची वेळ आली तेव्हा त्याने ‘बाळ्या’ टाइप केलं. मी ‘छोटू’.

व्हायोलाचं जिम बर्फाचं निघालं. स्नोरंट आणि सीलिओ. माझ्या ट्रापिंचला बर्फ अजिबात सोसत नाही, क्यूबोनलाही नाही, दोघंही जमिनीचे. हे मात्र मला झोपेतही माहीत होतं, आणि म्हणूनच दोनदा हरल्यावर मागे जाऊन तिसऱ्या कुणाला तरी तयार करायचं हे लगेच कळलं. शिन्क्स. विजेचा, आणि सीलिओ अर्धा पाण्याचा. तेराव्या लेव्हलला नेऊन जिंकले. भावाचं जिम अजून बाकी आहे. पुढच्या शनिवारी मी त्याच्यासाठी थांबणार आहे, मग दोघं मिळून लुमिओझला जाऊ. तिथे गेममधल्या प्रोफेसर सिकॅमोरकडे आणखी तीन बॉल आहेत.