तुम्ही विचारलंत म्हणून: एकाच जागी का टिकत नाही?

प्रयोग संपला की मेकअप रूमच्या दाराशी कुणीतरी हटकतंच, "ताई, नाटक, रेडिओ, टीव्ही, आता मोबाईलवरही दिसता. एक काहीतरी धरा की!"

पहिलं कारण पैसे. नाटकात नाईट मिळते, म्हणजे प्रयोग झाला तर पैसे. परीक्षा आल्या, क्रिकेटच्या मॅचेस आल्या की प्रयोग कमी होतात. घराचा हप्ता मात्र बारा महिने हाऊसफुल्ल. मग मालिकेचे संवाद लिहा, जाहिरातीला आवाज द्या, सगळं आलं.

दुसरं कारण पॉज, म्हणजे दोन वाक्यांमधलं थांबणं. ते प्रत्येक ठिकाणी वेगळं. रविवारी दुपारी दादरच्या शिवाजी मंदिर नाट्यगृहात पंच, म्हणजे विनोदाचं हशा काढणारं वाक्य, पडतो, हशा वर चढतो आणि तो उतरणीला लागला की पुढचं वाक्य टाकायचं. घाई केली तर वाक्य हशात बुडतं, रेंगाळलं तर रंग जातो. हे टेबलाशी बसून लिहिता येत नाही. जेवून आलेलं दुपारचं पब्लिक उशिरा हसतं, पण हसायला लागलं की थांबत नाही. बोरिवलीत रात्री हाच पॉज निम्मा करावा लागतो, लोकांना घरी जायचं असतं.

रेडिओवर तेवढं थांबलं तर ऐकणाऱ्याला वाटतं स्टेशन गेलं. तिथे भुवई उडवून काही उपयोग नाही, सगळं शब्दांनी आणि श्वासानेच करायचं. टीव्हीवर पॉज माझ्या हातात नसतोच, तो एडिटरच्या हातात. शिवाय रीटेकला समोरची मंडळी तोच पंच तिसऱ्यांदा ऐकत असतात. त्यांच्या हसण्यातला सज्जनपणा मला लगेच कळतो.

सध्या मला सगळ्यात जास्त छळतो तो मोबाईल. लोकलमध्ये बरेच जण आवाज बंद ठेवून रील बघतात (उरलेले अख्ख्या डब्याला ऐकवतात), म्हणून खाली सबटायटल द्यावं लागतं. पण डोळा कानाच्या पुढे धावतो. मी बोलायच्या आत पंच वाचून झालेला असतो! आता शेवटचे दोन शब्द वेगळे तोडून मागाहून आणते. म्हणजे पॉज शेवटी अक्षरांत शिरला. हे जमलं तेव्हा मला एखादा प्रयोग रंगल्याइतका आनंद झाला.

आणि हे धावणं आमच्या पिढीचं म्हणू नका. पु. लं.नी आकाशवाणीत नोकरी केली, दिल्लीत दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात काम केलं, १९५३च्या 'गुळाचा गणपती'त लेखन, दिग्दर्शन, संगीत आणि मुख्य भूमिका स्वतःच केली, आणि चाळीतली माणसं एकट्याने रंगमंचावर उभी केली. त्यांना कुणी "एक काहीतरी धरा" म्हणालं असेल, तर ते त्यांनी मनावर घेतलेलं दिसत नाही.

सिनेमाबद्दलही विचारता. केलेत तीन-चार, त्यात मी बहुतेक नायिकेची मावशी आहे.