हप्त्यातले २८२ रुपये

एप्रिल २०२३ चा माझा घराच्या कर्जाचा हप्ता होता २१,५४१ रुपये. त्यातले २१,२५९ व्याजात गेले आणि मुद्दलात पडले २८२. दोनशे ब्याऐंशी. हे मला कळलं ऑगस्टमध्ये, तेही भाच्यानं दाखवलं म्हणून, आणि कळल्यावर सरळ करून घ्यायला जानेवारी उजाडला. २०२१ साली कर्ज मंजूर व्हायला अकरा दिवस लागलेले. आणि माझा हप्ता वाढवा, म्हणजे माझ्याकडनं दर महिन्याला जास्त पैसे घ्या, एवढं बँकेला सांगायला चार महिने. अजून डोक्यातनं जात नाही म्हणून लिहायलोय, कुणाला तरी उपयोग होईल.

आधी थोडं मागचं. मी बेळगावला उद्यमबागेत एका फाउंड्रीत कामाला आहे, अनगोळात फ्लॅट घेतला, कर्ज २८ लाख, २० वर्षं, फ्लोटिंग, म्हणजे वर-खाली होणारा रेट, ६.९०. ईसी (घरावर बोजा नसल्याचा दाखला), खाता (मालकीची नोंद), रजिस्टर, सगळं व्यवस्थित झालं, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. जून २०२१ ला चेक मिळाला आणि जुलैपासून हप्ता सुरू. २४० हप्ते, म्हणजे २८ लाखाचे एकूण जवळजवळ ५१ लाख ७० हजार जाणार एवढं मला माहीत होतं, तेवढं तोंड वाकडं करून मान्य केलं होतं.

जे माहीत नव्हतं ते असं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवीन फ्लोटिंग घरकर्जं बाहेरच्या रेटला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपोला, म्हणजे ती बँकांना ज्या रेटनं पैसे देते त्याला, बांधलेली आहेत. मी कर्ज घेतलं तेव्हा रेपो होता ४ टक्के, त्यावर बँकेची स्वतःची भर, म्हणजे स्प्रेड, २.९०, मिळून ६.९०. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो सहा वेळा वाढला, ४ वरनं ६.५० वर. माझा रेट झाला ९.४०. मेसेज येत होते, रेट बदलला म्हणून, पण हप्ता तोच कापला जायचा आणि मी म्हणायचो चला, आपल्याला काही धक्का लागला नाही. हप्ता तोच राहिला म्हणजे मुदत वाढली, हे कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

भाचा बीकॉमला आहे, तो राहायला आलता. पेपरात रिझर्व्ह बँकेच्या नवीन नियमाची बातमी होती, १८ ऑगस्टचं परिपत्रक, की रेट बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची हे बँकेनं ग्राहकाला विचारलं पाहिजे. तो म्हणाला मामा तुमचं स्टेटमेंट काढा बघूया. एक्सेलमध्ये टाकलं, थोडा वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "मामा, ह्यात ५५१ महिने येतंय." मी म्हटलं चुकलं असेल, परत कर. परत ५५१. म्हणजे पंचेचाळीस वर्षं अकरा महिने. मी तेव्हा छत्तीसचा. ब्याऐंशीव्या वर्षापर्यंत हप्ता.

२६ हप्ते भरून झालते, ५ लाख ६० हजार, आणि मुद्दल उतरलेलं साडेसत्त्याऐंशी हजार. बाकी २७ लाख १२ हजार. त्या रात्री झोप आली नाही, बायकोला पण सकाळीच सांगितलं.

तुम्हाला एक्सेल येत नसेल तरी ही एक गोष्ट आजच करा, मोबाईलच्या कॅल्क्युलेटरवर होते. बाकी मुद्दल गुणिले रेट भागिले १२००. आलं ते या महिन्याचं व्याज. ते हप्त्यातनं वजा करा, राहिलं तेवढंच तुमचं कर्ज कमी होणार. ते हजार-पाचशे येत असेल तर उद्याच्या उद्या बँकेत जा.

आता बँकेचं. नाव लिहीत नाही, शाखा पण नाही. अर्धी रजा टाकून ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात गेलो. लोनचे साहेब होते, त्यांना कागद दाखवला. ते म्हणाले, "तुमचा हप्ता वाढलाय काय? नाही ना? मग प्रॉब्लेम काय आहे?" हे वाक्य मला पुढच्या चार महिन्यांत तीन वेगवेगळ्या माणसांनी ऐकवलं. मी म्हटलं साहेब हप्ता वाढला नाही हाच प्रॉब्लेम आहे, मुदत बघा. त्यांनी कॉम्प्युटरवर बघितलं, काही बोलले नाहीत, अर्ज लिहून द्या म्हणाले. लिहून दिला, २८ ऑगस्टला. आणि इथं माझी चूक झाली, पोच घेतली नाही.

आठ दिवसांनी गेलो तर अर्ज हुबळीला लोन सेंटरला पाठवलाय. कधी येणार? नाळे बर्री, म्हणजे उद्या या, बाहेरच्या शिपायानं सांगितलं, साहेब मीटिंगला गेलेत. दुसऱ्या दिवशी गेलो, साहेब होते, हुबळीहून काही आलं नाही. मग गणपती आले, ते दहा दिवस बेळगावात कुणाचंच काही होत नाही, मीही गेलो नाही. गणपती झाल्यावर गेलो तर साहेबांची बदली. त्यांच्या जागी कोण येणार ते ठरलं नव्हतं आणि माझा अर्ज कुठल्याच फाईलला सापडत नव्हता.

मग मी स्वतः हुबळीला गेलो. पूर्ण दिवस रजा, सकाळची बस, तिथं विचारत विचारत सेंटर शोधलं, दीड तास बसलो. तिथल्या माणसानं नंबर टाकून बघितलं आणि सांगितलं की बेळगावहून तुमच्या नावानं काही आलेलंच नाही, आणि हे काम आमचं नाहीच, शाखेनंच रिक्वेस्ट टाकायची असते. एवढं ऐकायला मी धारवाड ओलांडून गेलतो. परत येताना बसमध्ये मला इतका राग आलता की सांगू शकत नाही. पैसे माझे, कर्ज माझं, जास्त भरायची तयारी माझी, आणि मीच फिरायलोय.

ऑक्टोबरात नवीन मॅडम आल्या. बोलायला चांगल्या होत्या पण त्यांनी नवीन कर्ज असल्यासारखी कागदं मागितली, पगाराच्या स्लिपा, सहा महिन्यांचं पासबुक, आधार, पॅन. दिली. मग म्हणाल्या सिस्टीममध्ये अजून ऑप्शन आलेला नाही, आणि रिझर्व्ह बँकेनं जुन्या कर्जांसाठी आम्हाला ३१ डिसेंबरपर्यंत वेळ दिलाय. हे खरं होतं, परिपत्रकात तसंच आहे. पण मी म्हटलं मॅडम, वेळ तुम्हाला दिलाय, हप्ता तर माझा दर महिन्याला कापला जातोय. त्यावर त्यांच्याकडे उत्तर नव्हतं.

शेवटी भावजींनी सांगितलं की तोंडी बोलू नको, लेखी तक्रार दे आणि इनवर्डचा, म्हणजे पोचेचा, शिक्का घे. नोव्हेंबरात तसं केलं. दोन प्रती नेल्या, एका प्रतीवर शिक्का आणि सही घेतल्याशिवाय काउंटरवरनं हललो नाही, मागं लाईन लागली तरी. तक्रारीत तीन गोष्टी लिहिल्या. एक, माझी मुदत किती महिने झालीय ते लेखी द्या. दोन, माझा हप्ता वाढवून मुदत मूळच्या जून २०४१ च्या आत आणा. तीन, तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाईन. ही लोकपालाची योजना २०२१ पासून बहुतेक बँकांना एकच आहे, आधी बँकेला लेखी तक्रार करायची, तीस दिवस थांबायचं, मग तिकडं ऑनलाईन टाकायची, फी काही नाही. माहितीसाठी १४४४८ हा नंबर आहे. मला तिथपर्यंत जावं लागलं नाही. डिसेंबरात विधानसभेच्या अधिवेशनाच्या गडबडीत, सुवर्णसौधकडची सगळी वाहतूक तुंबलेली असताना मला बँकेतनं फोन आला, या आणि सही करून जा. चार महिने जे सिस्टीममध्ये नव्हतं ते वीस मिनिटांत झालं. जानेवारीपासून नवा हप्ता.

या चार महिन्यांचा हिशोब मी काढलाय. सप्टेंबर ते डिसेंबर, चार हप्ते, ८६,१६४ रुपये भरले. मुद्दल उतरलं १,१८७.

आता आकडे, कारण मला वाटतं खरी किंमत इथंच दिसते. ऑगस्ट २०२३ ला ९.४० रेटनं २१,५४१ चाच हप्ता ठेवला असता तर पुढं ५५१ महिने, म्हणजे अजून १ कोटी १८ लाखाच्या वर. आणि मूळच्या मुदतीत, २१४ महिन्यांत संपवायचं तर हप्ता २६,१७६, एकूण ५६ लाख. महिन्याला ४,६३५ रुपये जास्त भरायचे आणि ६२ लाख वाचवायचे. हे वाक्य मी घरी सगळ्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं. रेट किती आणि हप्ता किती एवढंच आपण सगळे विचारतो, महिने किती राहिले ते विचारत नाही, आणि पैसे त्या महिन्यांतच जातात. बँकेनं तीन महिन्यांतनं एकदा हे सगळं स्टेटमेंटमध्ये द्यायचं आहे, किती मुद्दल आणि किती व्याज भरलं, किती हप्ते राहिले, वर्षाचा रेट काय. येत नसेल तर मागा.

मध्येच राहिलं, एक लाखाचं. आमची पिग्मी, म्हणजे रोजची बचत, आणि बायकोची भिशी मिळून लाखभर जमले होते, ते डिसेंबरच्या शेवटी कर्जात भरले. त्या दिवशी जुना हप्ता आणि जुना रेट धरून बघितलं तर एका लाखानं मुदत ५४७ महिन्यांवरनं ३८३ वर आली. तेरा वर्षांहून जास्त. मी भाच्याला तीनदा विचारलं, बरोबरच होतं, कारण हप्त्यातनं मुद्दलाला जाणारे ३०० रुपये एकदम १,०८६ झाले. फ्लोटिंग रेटच्या घरकर्जावर असं मधे पैसे भरायला दंड लावता येत नाही, कुणी लावतो म्हटलं तर ऐकू नका. फक्त भरताना लिहून द्या की मुदत कमी करा, हप्ता कमी करू नका, नाहीतर उलटं होतं.

स्प्रेडचं पण सांगतो. मी भरायलो होतो रेपो अधिक २.९०, आणि त्याच शाखेत नवीन गिऱ्हाईकाला स्प्रेड अर्धा टक्का कमी होता. जुन्याला आपोआप मिळत नाही, मागावं लागतं. मी मागून कमी करून घेतला, त्याची कन्व्हर्जन फी ५,००० आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, ५,९०० गेले, पण २६ लाखावर अर्धा टक्का म्हणजे वर्षाला १३ हजार. दुसऱ्या बँकेत कर्ज नेण्याचाही विचार केलता, पण तिथं परत प्रोसेसिंग, वकील, व्हॅल्युएशन, परत टायटल डीड ठेवल्याचं रजिस्टर, म्हणून सोडलं.

कर्ज घेताना आणखी एक लागलं होतं, ते कर्जाबरोबरचा विमा. ७० हजारांचा प्रीमियम, कर्जातच मिळवला, २८ लाखातले ते ७० हजार. वीस वर्षांत त्याचेच १ लाख २९ हजार होतात. कर्जासाठी तो सक्तीचा नसतो. घरच्यांसाठी विमा हवाच, मीही नंतर वेगळा टर्म विमा घेतला, पण तो कर्जात मिळवू नका, वर्षाला भरा. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाला सही करायच्या आधी एक छोटा तक्ता देतात, त्यात सगळे खर्च धरून वर्षाचा खरा रेट असतो, तो वाचूनच सही करा. आणि टॅक्स वाचतो म्हणून व्याजाकडे दुर्लक्ष करू नका. स्वतः राहत्या घराला जुन्या पद्धतीत वर्षाला २ लाखापर्यंतच व्याजाची सूट, माझं व्याज तेव्हा अडीच लाखाच्या वर चाललं होतं, आणि नव्या पद्धतीत ती सूटच नाही.

जानेवारी २०२४ ला मी हप्ता केला २६,२००. ओढाताण झाली, खोटं कशाला सांगू. मुलीच्या शाळेची फी आणि हा हप्ता एका महिन्यात आले की दुसरा शनिवार सोडून बाकी सगळ्या शनिवारी ओव्हरटाईम केला. मग २०२५ मध्ये रेपो उतरायला लागला, डिसेंबरात ५.२५ वर आला, माझा रेट ७.६५. रेट उतरल्यावर हप्ता कमी करू काय म्हणून बँकेतनं विचारलं, या वेळी विचारलं तरी. मी नको म्हटलं, तेवढाच राहू दे. आता १४० महिने राहिलेत, पन्नाशीला मोकळा.

बायकोनं किराणाच्या वहीत मागच्या पानावर एक रकाना आखलाय, दर महिन्याला मुद्दल किती उतरलं तेवढंच ती लिहिते. पहिल्या ओळीत २८२ आहे. यंदा जानेवारीच्या ओळीत १०,७८५.